दोनशे बारा इनामदार

"माझी वही माझ्याकडेच आहे," गुलनार इनामदार म्हणाल्या. "चोरीला गेलंय ते वहीतलं."

राजापेठेतल्या ट्यूशन क्लासच्या वरच्या खोलीत केशवरावांनी पंखा वाढवला. एस.टी.त बत्तीस वर्षं कंडक्टरकी केलेला माणूस. समोरच्या बाई अकोटहून पहिल्या गाडीनं आल्यात आणि रात्रभर झोपलेल्या नाहीत, हे त्यांनी एका नजरेत ओळखलं. त्यांची भाची जयवंता मात्र वहीत डोकं खुपसून बसली होती. माती परीक्षणाची नोकरी सोडून तिनं तपासाचा धंदा काढला, तेव्हापासून मामा सोबत होते. अक्कल तिची, ओळखी मामांच्या.

वहीत इनामदारच इनामदार होते. हिंदू, मुसलमान, सगळे. गाविलगडावरचा पहारेकरी, प्लेगात गाव न सोडणारी सुईण, तमाशाच्या वगातला चिक्कू म्हातारा, आजीच्या गोष्टीतला वाघावर बसणारा. एकशे बेचाळीस होऊन गेलेले, सत्तर कथेतले. प्रत्येकाखाली सांगणाऱ्याचं नाव.

"शाळेत शिकवता शिकवता आठ वर्षं गावोगाव फिरले," बाई म्हणाल्या. "पेपरात रोज मेलेल्यांची नावं येत होती. वाटलं, एका आडनावाची का होईना, जगलेल्यांची यादी असावी. आता रविवारी अकोल्यात ती पुस्तक होऊन येतेय, प्राध्यापक शेखर इनामदारांच्या नावानं."

"वही कुणाकुणाच्या हातात गेली?"

"शेखररावांनी एप्रिलमध्ये प्रस्तावनेसाठी नेली. पंधरा दिवसांनी परत केली. उघडायला वेळच झाला नाही म्हणाले. आणि भाचा मोहसीन. भातकुलीत त्याचं टायपिंगचं दुकान आहे. त्यानं सगळी टाइप केली."

जिना उतरताना केशवराव पुटपुटले, "भाच्यानंच इकली. घरचाच माणूस असते नेहमी."

"मामा, मीही भाचीच आहे तुमची."

भातकुलीच्या दुकानात मोहसीननं त्यांना काळा चहा दिला. केशवरावांनी घोट घेतला आणि तोंड वाकडं केलं.

"काऊन रे, साखरेच्या डब्यात मीठ भरून ठेवतं का?"

"बोअरचं पाणी आहे, मामा. आज टँकर नाही आला. दूध टाकलं तर नासते." मोहसीन हसला. "पूर्णेच्या या पट्ट्यात जितकं खोल जान, तितकं खारं. माझ्या अब्बानं तीनदा खोदून पाहिलं."

"टाइप केलेली प्रत कुणाला दिलीस?" जयवंतानं विचारलं.

"कोनालेच नाही. फुप्पीची आठ वर्षांची मेहनत, मी काय बेईमान आहो?" तो चिडला. "वाटल्यास घेऊन जा. मी फक्त इथंतिथं हात फिरवला, बस."

परतीच्या बसमध्ये जयवंतानं प्रत मामांच्या मांडीवर ठेवली. "होऊन गेलेले मोजा."

केशवरावांनी बोट लावून मोजले. मग परत मोजले. "एकशे एक्केचाळीस! बाई तर बेचाळीस म्हणे. आता वय झालं माह्यं."

"बत्तीस वर्षांत तिकिटं चुकली का कधी?"

"एकबी नाही."

"मग आजही नाही चुकले." ती खिडकीबाहेर पाहत राहिली.

शेखर इनामदारांनी अकोल्याच्या दिवाणखान्यात नव्या पुस्तकाची प्रत मोठ्या प्रेमानं पुढे केली. वेष्टनावर ठळक अक्षरं: १४२ ऐतिहासिक, ७० कल्पित.

"आडनाव एक, साधनं तीच. याद्या सारख्या येणारच," ते म्हणाले. "बाई भाबड्या आहेत. लोकांकडून ऐकून लिहितात. मी महसुली दप्तरं चाळली, प्रत्येक जागा स्वतः पाहिली."

"एकूण एक?"

"एकूण एक."

जयवंतानं पुस्तकात बोट घालून एक पान वाचलं, आभार मानले आणि उठली. बाहेर येताच मामा उखडले, "एवढंच? त्याले काही विचारशीन तर!"

"रविवारी विचारते. आधी अकोट. एका फुलवालीला भेटायचंय."

रविवारी सकाळी सभागृह भरलं होतं. पूर्णेकाठच्या गावांतून कितीतरी माणसं आली होती. गुलनारबाई शेवटच्या रांगेत मोहसीनशेजारी पर्स घट्ट धरून बसल्या होत्या. प्रश्नोत्तरं सुरू होताच जयवंता उभी राहिली.

"सर, पान अठ्ठावन्न. दुष्काळात भातकुलीजवळ विहीर खोदून गाव जगवणारे रुस्तुम इनामदार. यांचा पुरावा?"

"महसुली दप्तर, अठराशे नव्याण्णव," शेखरराव म्हणाले. "ती विहीर पाहून आलोय मी. ऐंशी फूट खोल. पाणी प्यायलो. अमृत!"

सभागृहात माना एकमेकांकडे वळल्या. मग मागून एक म्हातारा ओरडला, "सर, कोनत्या गावी? आमी उद्याच बैलगाड्या घेऊन येतो!"

हशा उसळला. शेखररावांचा चेहरा उतरला, पण लोक का हसताहेत हे त्यांना कळलं नव्हतं.

"तिथं ऐंशी फुटांवर खारं पाणी लागतं," जयवंता म्हणाली. "दूध नासवणारं. मोहसीन भातकुलीचाच. टाइप करताना त्याला गोड विहीर खटकली. फुप्पीचं मन दुखू नये म्हणून न बोलता त्यानं रुस्तुमला कथेतल्या लोकांत नेऊन बसवलं. खरं ना?"

मोहसीननं मान खाली घालून हो म्हटलं.

"म्हणून टाइप केलेल्या प्रतीत होऊन गेलेले एकशे एक्केचाळीस आणि कथेतले एक्काहत्तर. रुस्तुम खरा माणूस म्हणून फक्त वहीत आहे, आणि सरांच्या पुस्तकात. ती वही सरांनी उघडलीच नव्हती म्हणे."

"योगायोग!" शेखरराव ओरडले. "रुस्तुम होऊन गेला, दप्तरात आहे!"

"वहीत त्याच्याखाली सांगणाऱ्याचं नाव आहे. गंगूबाई, फुलवाली, अकोट. मावशी, उठा."

पहिल्या रांगेतून मोगऱ्याची परडी सावरत गंगूबाई उठल्या.

"कायचं दप्तर, बाप्पा? त्याले म्या बनवलं! लहानपनीच भातकुलीकडं सून होऊन गेली, दहा वर्सं खारं पाणी वाहिलं. मंग गोष्टीत तरी गोड विहीर काऊन नाही खोदा? गुलनारबाई नावं जमवून रायल्या होत्या. उन्हात आल्या, रिकाम्या कशा धाडू? देल्लं एक."

गुलनारबाई ताडकन उभ्या राहिल्या. "गंगूबाई! सात पानं लिहिली मी त्याच्यावर!"

"मले का माईत, तुमी छापान म्हून?"

टाळ्या थांबेनात. शेखररावांनी खुर्चीचा हात धरला. "प्रस्तावनाच लिहिणार होतो," ते हळूच म्हणाले. "वाचलं, आणि मोह झाला."

पुस्तक छापणारे खुशालराव व्यासपीठावर चढले. "एकही प्रत बाहेर जाणार नाही. आठ दिवसांत नवं मुखपृष्ठ. लेखिका गुलनार इनामदार. खर्च कुणाकडून घ्यायचा, ते मी पाहतो."

लोकांनी बाईंना वाट करून दिली. ध्वनिक्षेपकासमोर त्यांनी पर्स छातीशी धरली. तेवढ्यात तिसऱ्या रांगेतला एक बागवान हात वर करून म्हणाला, "बाई, आमच्या गावातबी एक इनामदार होता! रानडुकराशी कुस्ती खेळला!"

"आमच्याकडं दोन!" दुसरीकडून आवाज आला.

गुलनारबाईंनी डोळे पुसले, पर्समधून पेन काढलं आणि शिक्षिकेच्या खणखणीत आवाजात म्हणाल्या, "रांगेत या. आणि आधीच सांगा, होऊन गेलेला की बनवलेला?"