आगीतून आलेला दादा

पटलं तर घ्या, नाहीतर सोडून द्या. पण हे घडलंय, आणि मी स्वतः तिथे हजर होते.

रात्रबित्र काही नव्हती. टळटळीत दुपार. स्टुडिओच्या मागच्या मैदानात लाकडी घराचा सेट उभा होता आणि तो जाळायचा होता.

माझा दादा सिनेमात स्टंट करतो. उंचावरून पडणं, काच फोडून उडी मारणं, सगळं. पण त्याचं नाव आहे ते आगीसाठी. मी स्पेशल इफेक्ट्समध्ये. खोटे चेहरे बनवते, आणि दादा पेटायच्या आधी त्याच्या अंगाला चटका लागू न देणारं गार जेल फासते. ते काम मी दुसऱ्या कोणाला करूच देत नाही.

आई म्हणते, "एक पेटतो, दुसरी पेटवते. काय कार्टी जन्माला घातली मी!"

आमच्या कामात एक नियम आहे. पेटलेला माणूस ओरडला, धावला, तरी त्याला विझवायचं नाही. तो अभिनय असतो. तो जमिनीवर पालथा पडला, की मगच धावायचं.

आणि पडायला जागाच नसेल, तर तो तळहात आपटून आम्हाला बोलावतो. थप... थप... थप.

त्या दिवशी मी जेल लावलं, वर हीरोच्या चेहऱ्याचा मुखवटा चढवला.

"आज जरा जाड लाव गं."

"का रे, टरकलास?"

"छे. तू बाहेर असलीस की मला कसली काळजी!"

हसला, आणि आत गेला.

"ॲक्शन!"

दार धाडकन उघडलं. दादा पेटलेला बाहेर आला. चार पावलं चालला...

पालथा पडला.

ओलं ब्लँकेट घेऊन सगळ्यात आधी मीच पोचले. आग विझली. आमचे स्टंट मास्टर ओरडले, "एक नंबर!" टाळ्या पडल्या.

मी मुखवटा सोलला. दादाच होता. एक फोड नाही की काही नाही. माझा जीव भांड्यात पडला.

मग मी त्याच्या कॉलरच्या आत हात घातला.

जेल तसंच होतं... जाड, गारेगार.

आगीतून आल्यावर ते पाण्यासारखं पातळ होऊन ओघळतं. दर वेळी. आज ते जागचं हललंसुद्धा नव्हतं.

आणि तेवढ्यात...

थप... थप... थप.

जळत्या घरातून.

"मास्टर, आत कोणीतरी आहे!"

"अगं वेडे, लाकूड तडकतंय. तुझा भाऊ तुझ्यासमोर पडलाय की!"

मी उठायला लागले. दादाने माझं मनगट धरलं.

"तिकडे बघू नकोस," तो म्हणाला.

मी बघितलं. छप्पर कोसळलं.

आवाज थांबला.

राख थंड झाल्यावर मी ती चाळली. अक्षरशः चाळणी घेऊन बसले होते. खिळे आणि कोळसा, बाकी काही नाही. मास्टरांनी विचारलं, "काय हरवलंय गं?" काय सांगणार, कपाळ?

दादा घरी आला. जेवतो, झोपतो, माझ्या खोड्या काढतो. लहानपणीचं काही विचारलं तर सगळं बरोबर सांगतो.

जरा जास्तच बरोबर... मी विसरलेलंसुद्धा.

त्या दुपारचा विषय काढला की मात्र नुसता माझ्याकडे बघत राहतो.

आई म्हणते, "पोरगं धडधाकट परत आलंय. तुझंच डोकं ठिकाणावर नाही." असेल बाई, तसंही असेल.

पण मला झोप लागत नाही. हा माझा दादाच असेल, तर मी सख्ख्या भावावर संशय घेतेय. लाज वाटते मला स्वतःची.

आणि नसेल तर...

माझा दादा आतून मला बोलावत होता. आणि मी बाहेर दुसऱ्याच कोणालातरी पांघरूण घालत बसले होते.