बुधवारचं कुलूप

गुरुवारी पाच ते आठ ही धुण्याची वेळ माझी. इमारतीची धुलाईखोली सगळ्यांची मिळून एकच; तळघरातल्या फळ्यावर ज्या खान्यात ज्याचं कुलूप, ती वेळ त्याची, आणि त्या खान्यात माझ्या घराचं छोटं कुलूप लटकत होतं. आमच्या स्वीडनमध्ये, गोथेनबर्गला, एकवेळ कुणाचा नवरा पळवलेला चालेल, धुण्याची वेळ पळवलेली चालत नाही.

दिवसभर ट्राम चालवून, पावसात भिजून मी टोपली घेऊन खाली उतरले, तर माझ्या मशीनमध्ये कुणाचे तरी मोजे गरगरत होते. आणि मशीनला कान लावून एक विस्कटलेल्या केसांचा माणूस बसला होता.

"ही माझी वेळ आहे," मी म्हणाले.

"शू... थांब जरा. पिळायला लागलं की सूर चढतो बघ."

चोर तो चोर, वर शिरजोर. मी फळ्याकडे बोट दाखवलं. त्याने पाहिलं आणि तो कानापर्यंत लाल झाला.

"मला वाटलं आज बुधवार, माझी वेळ..."

"आज गुरुवार आहे. सकाळपासून."

त्याचं नाव टोर्केल. चौथ्या मजल्यावर राहायचा, सिनेमांना आणि टीव्ही मालिकांना संगीत द्यायचा. पण नव्या मालिकेची शीर्षकधून दिग्दर्शिकेने दोनदा परत पाठवली होती. छान आहे, पण त्यात माणूस नाही, म्हणाली होती. आता शेवटची संधी. तीही हुकली तर काम दुसऱ्याला, आणि हा उत्तरेला, आपल्या गावच्या शाळेत बासरी शिकवायला.

"म्हणून मशीनमध्ये माणूस शोधतोयस?"

"वर खोलीत तर सापडला नाही."

मला हसू आलं, पण दाखवलं नाही. "शिक्षा म्हणून चादरी धरायच्या," मी बजावलं.

चादरी धुऊन वाळल्यावर दोन टोकं त्याच्याकडे, दोन माझ्याकडे. "ओढ. घडी. आता पुढे ये." तो पुढे आला. माझ्या हातात टोकं देताना त्याची बोटं थबकली... गरजेपेक्षा अंमळ जास्तच.

"सोड," मी म्हणाले.

"हो... सोडतो."

लगेच सोडलं मात्र नाही. त्या दिवशी आम्ही सहा चादरींच्या घड्या घातल्या. त्यातल्या दोन आधीच घातलेल्या होत्या.

"तू गुणगुणतेस, यल्वा," जाताना तो म्हणाला.

"ट्राममध्ये सवय लागली. प्रवासी तक्रार करत नाहीत."

"मीही करणार नाही."

पुढच्या गुरुवारी मी चादरींची टोपली आणि दालचिनीचे बन घेऊन उतरले. तो नव्हता. आणि फळ्यावर बुधवारच्या खान्यात त्याचं कुलूपही नव्हतं.

घर सोडणारा माणूस कुलूप परत करून जातो. एका आठवड्याच्या ओळखीवर मी या माणसाच्या प्रेमात पडले होते, आणि ते मला कळलं एका रिकाम्या खान्यामुळे.

दार ढकलून तो आत आला. केसांतून पाणी ठिबकत होतं.

"आधी ऐक," म्हणत त्याने फोन माझ्या कानाला लावला.

पियानो होता. ओढ, घडी, पुढे ये... माझं गुणगुणणंच होतं ते, फक्त नीट केस विंचरलेलं. आणि मध्येच सूर श्वास रोखून थांबला.

"इथे का थांबतं?"

"दिग्दर्शिकेनेही हेच विचारलं. मी म्हटलं, इथे चादरीची टोकं द्यायची असतात... आणि सोडवत नाही."

"मग?"

"म्हणाली, सापडला माणूस. काम माझंच."

मी बनांची पिशवी मशीनवर ठेवली. "मग कुलूप का काढलंस?"

त्याने खिशातून ते काढून माझ्या तळहातावर ठेवलं. "बुधवार नको वाटतो मला. तू नसतेस. कुठे लावू... ते तुलाच विचारायला आलो."

मी फळ्यापाशी गेले. माझ्या कुलपाच्या शेजारचा, गुरुवारी आठ ते अकराचा खाना मोकळा होता. त्याचं कुलूप मी तिथे अडकवलं.

"म्हणजे पाच ते अकरा?" त्याने हळूच विचारलं. "एवढं धुणं आहे तुझ्याकडे?"

"नाही," मी चादरीची दोन टोकं त्याच्या हातात दिली. "धर."