दोरीवरचा शुक्र

दोरीवरचे दोन्ही चिमटे रिकामे होते. निगेटिव्हचं पाकीटही गेलं होतं.

"काका, बारा वाजता समिती बसतेय," अवनी डार्करूमच्या दाराला टेकून म्हणाली. "पुरावा नसला तर शिष्यवृत्ती बंद. उद्या मी साताऱ्याच्या गाडीत."

"अय्यो, रडू नको अम्मा," दत्ताजी म्हणाले. "आधी नाक पूस."

चेन्नईच्या तिरुवल्लिकेणीत दत्ताजींचा फोटो स्टुडिओ चाळीस वर्षं जुना. २००६ साल होतं, गिऱ्हाईक डिजिटलकडे पळालं होतं, पण म्हातारा ऐकतो थोडाच! त्याची एक खोड साऱ्या गल्लीला ठाऊक. फोटो वाळत घालताना चिमटा खालच्या कडेला लावायचा. वर तारीख असते, तिला डाग नको. त्यामुळे दत्ताजींकडे नवऱ्या मुली शीर्षासन करत वाळत.

काल संध्याकाळी तिथं शुक्र वाळत होता. पंधरा वर्षांपूर्वी एका यानाच्या रडारनं टिपलेला, ज्वालामुखीच्या माथ्यावरचा खळगा. फेब्रुवारीचा फोटो जगानं पाहिलेला. ऑक्टोबरची निगेटिव्ह मात्र अवनीनं सहा महिने परदेशात पत्रं धाडून मिळवलेली, एकुलती एक. तीत खळग्याचं तोंड दुप्पट रुंदावलेलं! म्हणजे तो ग्रह आतून अजून धगधगतोय.

"कुणाकुणाला दाखवलास?"

"कुणालाच नाही. देवेशला आणि सरांना एवढंच सांगितलं, की आठ महिन्यांत बदल झालाय."

दत्ताजींची बायको धनलक्ष्मी काउंटरवरून ओरडली, "ते दोघेच आले होते काल, तुम्ही कोविलात पूजेला गेला असताना. दोघंही हात धुवायला मागं गेले!"

दत्ताजींनी दोघांना फोन लावले. पाऊण तासात दोघं बाकावर हजर. घड्याळात साडेदहा.

देवेश नागपूरचा, अवनीच्या आकडेमोडीचा सोबती.

"आत काय पाहिलंस?"

"अंधार. आणि तुमचं झुरळ."

"फोटो?"

"नाही पाहिला. रागावलोय मी, खरंय. वर्षभर खपलो आणि शोधनिबंधात माझं नाव नुसतं आभारात! म्हणून चोरी करीन?"

अवनीनं मान खाली घातली.

प्राध्यापक गुरुमूर्ती राव तंजावुरी मराठीच. अवनीचे मार्गदर्शक, समितीतही तेच.

"राव, तुम्ही डार्करूममध्ये गेलात?"

"नळापर्यंत. मला फोटोत रस नाही, दत्ताजी. खळग्याच्या जागी फुगवटा दिसला म्हणून ज्वालामुखी जिवंत ठरतो काय? रडारचा दोष असेल."

अवनीनं झटकन वर पाहिलं. दत्ताजींनी तिला डोळ्यानंच गप्प केलं आणि चष्मा पुसत बसले. पुसून झाला, तरी पुसतच राहिले.

"राव, नवरीच्या गालावरची खळी फोटो उलटा धरून कधी पाहिलीत?"

"म्हणजे?"

"फोड दिसते. उजेड वरून येतो, असं डोळा धरूनच चालतो. फोटो उलटला, की खड्डा फुगतो. चाळीस वर्षं रीटचिंग केलंय मी. ऑक्टोबरच्या फोटोत खळगाच आहे, फक्त मोठा. फुगवटा एकाच जागी दिसणार, माझ्या दोरीवर. शुक्र तिथं खाली डोकं वर पाय लटकत होता."

गुरुमूर्तींचा हात खिशाकडे गेला.

"नंतर सुलटा करून पाहिला असतात, तर फसला नसतात."

"पाहवला नाही मला," ते पुटपुटले. "लाव्हा वर आला असंच वाटलं. तीस वर्षं तो ग्रह मेलेला म्हणून शिकवलं, पुस्तक लिहिलं. फोटो समुद्रात टाकला." त्यांनी खिशातून पाकीट काढलं. "ही टाकायला हात धजला नाही."

अवनीनं पाकीट हिसकावलं. निगेटिव्ह शाबूत होती.

दत्ताजी तिला घेऊन आत गेले. लाल दिव्याखाली ट्रेमधला कागद आधी कोराच राहिला. मग तारीख उमटली. मग तो खळगा, कडा ढासळलेला, वेडावाकडा, दुप्पट. गुरुमूर्ती मागं येऊन उभे होते, कुणी हाकललं नाही. ते ट्रेवर वाकले.

"किती रुंद झालाय," ते म्हणाले. आणि आणखी खाली वाकून, "जिवंत आहे."

"सर," अवनी म्हणाली, "बारा वाजता समितीपुढं हेच म्हणा. फोटो कुठं गेला होता, तेही सांगा. आणि देवेश, तुझं नाव माझ्या नावाशेजारी."

देवेश रिक्षा आणायला धावला.

दत्ताजींनी ओला फोटो पाण्यातून काढला, क्षणभर विचार केला आणि चाळीस वर्षांत प्रथमच चिमटा वरच्या कडेला लावला.