कृष्णवेणीबाई वळल्या नाहीत

सकाळी साडेदहाला फोन आला, की कृष्णवेणीबाई घरात नाहीत.

इन्स्पेक्टर मधुमिता खुर्चीतून उठलीच. शहाऐंशी वर्षांची ती नटी. नऊ वर्षांची असताना नाटक कंपनीत उभी राहिलेली, पुढे मद्रासच्या स्टुडिओंत चाळीस चित्रपट केलेली. आज चार वाजता चेन्नईहून माणसं तिची मुलाखत चित्रित करायला येणार होती. तीस वर्षं गप्प बसलेली बाई बोलणार, आणि नेमकी आजच गायब. मधुमिताला हे पटेना.

घर आगगाडीसारखं लांबच लांब. रेडिओवर नादस्वरम् असं चाललेलं, की कानठळ्या बसाव्यात. भिंतीवर बाईंच्या थोरल्या भावाचा, नटराजरावांचा हार घातलेला फोटो, खाली ‘बारा अजरामर नाटकांचे कर्ते’. शेजारी त्यांच्या मुलाचा, वेणुगोपाळरावांचा फोटो. भागवतमेळ्याच्या नाटकात नऊवारी नेसून, स्त्रीपात्राच्या वेषात.

फोन करणारे शेजारी बदरीनाथराव हात चोळत उभे होते.

“तुम्ही त्यांना पाहिलंत?”

“पाठमोऱ्या. सव्वासहाला. नऊवारी, छत्री उघडलेली. नाचियार्कोविलच्या बसकडे निघाल्या होत्या.”

“बोललात?”

म्हातारा ओशाळला. “तोंडून निघून गेलं, ‘आक्का, कुठे?’ म्हणून. जाणाऱ्याला कुठे विचारू नये, कळतं गं मला. पूर्वी एकदा विचारलं, तर शूटिंगची गाडी दारात उभी ठेवून आत गेल्या, बसल्या, पाणी प्यायल्या, मग निघाल्या.”

“आणि आज?”

“आज वळल्याही नाहीत. रागावल्या असतील. अजून परतल्या नाहीत, म्हणून फोन केला.”

भाचा वेणुगोपाळराव पुढे आला. मधुमितानं त्याला समोर बसवलं.

“तुम्ही कुठे होतात?”

“झोपलो होतो, मॅडम. आत्याबाईंनी नाचियार्कोविलहून पितळी दिवे आणायचा ध्यास घेतला होता. चेन्नईच्या लोकांना मी येऊ नका म्हणून कळवलंय.”

“फार घाई केलीत. घरात आणखी कोण?”

“कोणी नाही.”

स्वयंपाकघरात वाटीभर दहीभात होता, घोटून घोटून पेजेसारखा केलेला.

“हा कुणासाठी?”

“माझं पोट बिघडलंय.”

बाईंच्या खोलीत पावडरचा डबा, आरसा, आणि पाण्याच्या पेल्यात कवळी. मधुमिता पेल्याकडे बराच वेळ बघत राहिली. मग बाहेर येऊन तिनं आधी चेन्नईला फोन लावला आणि ठरल्या वेळी या म्हणून सांगितलं. वेणुगोपाळरावाचा चेहरा पडला.

“बदरीनाथराव, तुम्ही पाहिलंत ते खरं. फक्त त्या कृष्णवेणीबाई नव्हत्या,” ती म्हणाली. “‘कुठे’ ऐकल्यावर शूटिंगची गाडी थांबवणारी बाई पाणी प्यायला परत आली असती. याला परत येता येईना, कारण वळला असता तर तुम्ही तोंड पाहिलं असतं. सव्वासहाला ना ऊन ना पाऊस, मग छत्री कशाला? नऊवारी नेसून बाईसारखं चालणारा या घरात एकच आहे, आणि तो भिंतीवर टांगलेला आहे. जन्मभर पडद्यावर वावरलेली नटी दात न लावता रस्त्यावर जाईल? त्या घराबाहेर पडल्याच नाहीत. म्हणून भात घोटलाय, आणि म्हणूनच रेडिओ बोंबलतोय.”

तिनं रेडिओ बंद केला. मागून, अगदी मागून, लाकडावर हात आपटल्याचा बारीक आवाज आला.

परसाजवळच्या अडगळीच्या खोलीला बाहेरून कडी होती. पहाटे जुने फोटो काढायला बाई आत गेल्या, तेव्हाच भाच्यानं ती घातली होती. दार उघडलं तेव्हा त्या नाटकाच्या पेटीवर बसलेल्या होत्या. ओरडून ओरडून घसा बसलेला, पण मान ताठ.

वेणुगोपाळराव त्यांच्या पायांशी बसला. “आजचाच दिवस, आत्याबाई. ती माणसं परत गेली की उघडणार होतो. तुम्ही बोललात तर बाबांचं नाव मातीत जाईल. पुढल्या महिन्यात त्यांचा पुतळा बसतोय.”

“तुझा बाप मला याच खोलीत कोंडायचा,” बाई म्हणाल्या. “म्हणायचा, अंक लिहून झाला की कडी काढतो. बारा नाटकं लिहिली मी इथे बसून. एकावरही मला नाव घालू दिलं नाही.”



बाईंनी मधुमिताकडे हात पुढे केला.

“तक्रारीचा कागद आण, पोरी. मीच लिहिते. या खेपेला खाली सही माझी.”