इसाएलचा उजवा हात

"आजोबांचं कुआत्रो चोरीला गेलं, बाई. आणि माझा भाऊ म्हणतो, कासिमिरोनंच नेलं."

नेरेइदा दारातच बोलून मोकळी झाली. उतुआदोच्या डोंगरात आजोबांचं ते तंतुवाद्य कुणाला ठाऊक नव्हतं? पुढच्या महिन्यात कासिमिरोशी लग्न झालं की ती ते सासरी नेणार होती.

खाजगी तपास करणाऱ्या एर्सिलियाबाई मदतनीस फाबियानला घेऊन निघाल्या.

वाद्य माडीवरच्या खोलीत असे. दाराला कुलूप, किल्ली नेरेइदाच्या गळ्यात. चोर आंब्याच्या फांदीला लोंबकळत खिडकीतून शिरला होता. फांदीखाली कासिमिरोची टोपी सापडली.

"टोपी मी रविवारी इथेच विसरलो," कासिमिरो म्हणाला.

"खरंय. मीच ती स्वयंपाकघरात खुंटीला अडकवली होती," नेरेइदा म्हणाली.

नेरेइदाचा भाऊ इसाएल बाह्या दुमडून ओसरीवर बसला होता. तीन वर्षांपूर्वी मनगटाशी कोयता लागला, तेव्हापासून उजव्या हाताची बोटं मिटत नव्हती. नेरेइदा त्याची दाढी करी, गुंड्या लावी. त्याच्यासाठी तिनं दोनदा लग्न पुढे ढकललं होतं.

"मी कसा चढणार, बाई? चमचासुद्धा धरता येत नाही."

एर्सिलियाबाईंनी त्याचा सैल हात उचलून मनगट मागे झुकवलं. बोटं अलगद आत वळली.

"दुखतं?"

"काही जाणवतच नाही."

"बिचारा," फाबियान पुटपुटला.

जेवणानंतर बाईंनी सगळ्यांना ओसरीवर बसवलं.

"टोपी घरातल्या खुंटीवरून झाडाखाली गेली. म्हणजे चोर घरातलाच."

"पण इसाएलची बोटं..." फाबियान अडखळला.

"तू बोटं पाहिलीस. बोटं वाकवणारे स्नायू कोपराखाली असतात, बोटांत फक्त त्यांच्या दोऱ्या जातात. तीन वर्षं न वापरलेला हात वाळला असता. याचे दोन्ही हात सारखेच भरलेले आहेत. आणि दोऱ्या तुटलेल्या असत्या, तर मनगट मागे झुकवल्यावर बोटं सरळच राहिली असती. ती वळली. जखम केव्हाच भरलीय, नेरेइदा."

नेरेइदा भावाकडे बघत राहिली. इसाएलनं मान खाली घातली.

"कासिमिरोवर आळ आला असता, तर लग्न मोडलं असतं. तू गेलीस की मी एकटा पडणार, ताई."

"राहा म्हणाला असतास, तर राहिले असते," ती म्हणाली. "हात धड आहे हे सांगून म्हणाला असतास, तरी."

मग तिनंच विचारलं,

"कुठं ठेवलंयस?"

"कॉफीच्या पोत्यांमागे."

"जा, घेऊन ये. आणि दोन्ही हातांनी धर."

तो उठला.