धुरापलीकडची

वैशाखातल्या सकाळी हर्षाली पाण्याची कळशी घेऊन बांधावर आली, तर भाताच्या रोपांसाठी शेण-पाला रचून केलेला तिचा राब भडाभडा पेटलेला! आणि पलीकडे एक अनोळखी तरुण कॅमेऱ्याला डोळा लावून उभा.

"कोणी पेटवला?"

"मी... वाटलं, मदत होईल. धूरही इकडे हवा होता."

"वाऱ्याच्या बाजूनं? अहो, उलट्या बाजूनं लावतात! आग हळू सरकली पायजे. बघा आता— वरचा पाला जळला, खाली शेण कच्चंच. भाताची रोपं काय तुमच्या कॅमेऱ्यात उगवायची?"

तो दीपेश. मुरबाडला लग्नांचं शूटिंग करायचा. स्वतःची म्हणून एकच फिल्म होती, ती तीन वर्षं अडलेली. तो चार वर्षांचा असताना आई गेली. फोटो एकही नाही. आठवायचं ते एवढंच, राबाचा धूर आणि धुरापलीकडे उभी एक बाई. तेवढंच त्याला पडद्यावर आणायचं होतं. हे सगळं सांगून त्यानं विचारलं, "धुरापलीकडे तुम्ही उभ्या राहाल?"

हर्षालीला वाईट वाटलं, पण राग काही उतरला नाही. "पाऊस तोंडावर आलाय. राब परत रचून द्या, मग राहते उभी."

आठ दिवस तो किन्हवलीच्या त्या शेतात शेण, पाला, गवत, माती वाहत होता. थर चुकला की ती उपसायला लावी.

"अरे, गवत पाल्याच्या वर! शिकलास काय तू?"

"शूटिंग."

"दिसतंय!"

तो हसायचा. मग तिला उगाचच ओढणी सारखी करावीशी वाटे, आणि त्याचाही वैताग येई.

नवव्या दिवशी तिनं स्वतः काडी लावली. धूर संथ, दाट. ती पलीकडे जाऊन उभी राहिली.

"मान खाली... हलू नकोस. आई अशी—"

"खोकला येतोय रे!"

"परत एकदा..."

चौथ्यांदा 'परत' ऐकलं आणि ती कडेकडेनं, धुरातूनच, तरातरा त्याच्यापुढे आली. डोळे लाल, गालावर राख.

"मी तुझी आई नाय. नीट बघ!"

त्यानं कॅमेरा खाली घेतला. बघतच राहिला.

"संपलं," तो म्हणाला. "आता आईला आठवायला गेलो, तरी धुरातून तूच येशील."

ती एक पाऊल मागे सरली. एवढी एकच आठवण, तीही आपण मोडली... "मग? परत आत जाऊ?"

"नको!" त्यानं तिचं मनगट धरलं, आणि लगेच सोडलं. "आईला जवळून बघायचं राहूनच गेलं. तुला बघू दे... रोज."

"रोज! कॅमेऱ्याशिवाय जमेल?"

"शिकीन."

"मग आधी डोळ्यात राख गेलीय ती काढ. आणि... हळू."

त्यानं वाकून फुंकर घातली. पहिल्या फुंकरीलाच राख निघाली. तिनं सांगितलं नाही.