फोटोत न दिसणारी बाजू

"अहो, पाय! पाय बघा कुठे पडलाय!"

ओरडले ती मीच. पंचवटीतला फूलबाजार, सकाळची वेळ, गोदावरीवरून येणाऱ्या गारठ्याने बोटं आधीच आखडलेली. आणि हा कोण उंच मनुष्य डोळ्याला कॅमेरा लावून मागे मागे सरकत थेट माझ्या शेवंतीच्या पाटीत! अण्णांनी, माझ्या वडिलांनी, मखमलाबादच्या आमच्या मळ्यातून नुकती तोडून पाठवलेली शेवंती. माझं डोकंच फिरलं.

"सॉरी, सॉरी..." त्याने पाय उचलला आणि बगळ्यासारखा एका पायावर उभा राहिला. दुसऱ्या बाजूला शेजारच्या सिंधूमावशींचा झेंडू होता. "आता कुठे ठेवू?"

"ठेवा माझ्या डोक्यावर!"

"इतकी ओळख नाही झाली अजून आपली."

सिंधूमावशी फिस्सकन हसल्या. मला मात्र हसायचं नव्हतं. मी मान खाली घालून हातातला हार ओवायला लागले. समोर मोबाईल उभा केलेला, त्यात गिऱ्हाइकाने पाठवलेला हाराचा फोटो. तो वाकला आणि मोबाईलकडे बघतच राहिला.

"हा फोटो मी काढलाय."

"मी काही चोरला नाही हं! गिऱ्हाईक पाठवतं, मी तसाच करते. अगदी तसाच."

"तसाच नाही झालाय पण."

"तसाच आहे!"

"गळ्याजवळ बघा नीट," तो म्हणाला, आणि कोणीतरी "ओम, चल!" अशी हाक मारली तसा निघूनही गेला.

झालं. दिवसभर मला दुसरं काही सुचेना. काय चुकलं गळ्याजवळ? गिऱ्हाइकाने तक्रार केली तर? आणि तक्रार प्रतिभाताईंच्या कानावर गेली तर?

माझ्या कामाची रीत अशी, की लोकांनी फोटो द्यायचा आणि मी हुबेहूब हार करायचा. बाजारात म्हणायचेच, शुभांगीला फोटो द्या नि निवांत राहा. मला त्याचा अभिमान होता. पण कोणी "तुम्हाला आवडेल तसा करा" म्हणालं, की मला घाम फुटायचा. मग मीच त्यांना ढीगभर फोटो दाखवून एक निवडायला लावायचे.

आणि नेमकं हेच आता अंगाशी आलं होतं. प्रतिभाताईंचं इथल्या द्वारका चौकाजवळ मंडप-डेकोरेशनचं ऑफिस आहे. या सीझनच्या सगळ्या लग्नांचे हार त्या एकाच हाताला देणार होत्या. मला म्हणाल्या, "फोटोतला हार मला कोणीही करून देईल गं. तुझ्या मनातला दाखव. रविवारी मी बाजारात येतेच आहे."

माझ्या मनातला! मनात होतं काय? नुसती धडधड. अण्णांनी सांगून टाकलं होतं, हे काम मिळालं तर ठीक, नाहीतर नवीन वर्षापासून काकांच्या मेडिकलमध्ये काउंटरवर बसायचं. "सावलीतलं काम आहे, पोरी," म्हणाले. माझ्या भल्यासाठीच म्हणाले. पण त्या काउंटरमागे स्वतःला बघितलं की मला गुदमरल्यासारखं व्हायचं. माझा जीव फुलांत होता हो... आणि फुलं मात्र मला ओळखच दाखवत नव्हती.

शुक्रवारी ओम पुन्हा आला. हातात चहाचे दोन कप.

"शेवंतीची भरपाई."

"एवढ्या शेवंतीची भरपाई एका चहात?"

"मग रोज आणतो."

मी पटकन चहाचा घोट घेतला. जीभ भाजली. तो हसला नाही, हे बरं केलं. मग माझ्यासमोरच्या रिकाम्या दोऱ्याकडे बघून म्हणाला, "सकाळी इथून गेलो तेव्हाही हा असाच होता. काय झालंय?"

खरं तर अनोळखी माणसाला कशाला सांगायचं? पण सांगितलं. प्रतिभाताई, रविवार, मेडिकल, सगळं. बोलता बोलता मला स्वतःचाच राग आला.

"एक फूल तर ओवा," तो म्हणाला. "कुठलंही."

"कुठलंही म्हणजे कुठलं?"

"तुम्हाला आवडेल ते—"

"हेच! हेच मला जमत नाही!" मी एवढ्या जोरात म्हणाले, की सिंधूमावशींच्या पुढ्यातलं गिऱ्हाईक वळून बघायला लागलं. मावशी म्हणाल्या, "नाय ओ, भांडत नाय ते. चहा पितायत."

शनिवारी मी हट्टाला पेटले. मनातलं म्हणजे आजवर कोणी केलं नाही असं काहीतरी, नाही का? मग घातलं सगळंच. ऑर्किड, गुलाबाच्या पाकळ्यांचे थर, मोती, सोनेरी तार, मध्ये आरसे. हार खिळ्याला टांगला तर खिळाच वाकला. तेवढ्यात ओम आला आणि त्याने हार वरपासून खालपर्यंत न्याहाळला.

"छान आहे," तो म्हणाला. पाहुण्यांकडची अळणी आमटी खाताना म्हणतात ना, अगदी तसं.

"खरं सांगा."

"खरं सांगू? हा घालून नवरीला मान वळवता यायची नाही."

"तुम्हाला हो काय कळतं हारातलं?"

"हारातलं नाही कळत. नवरीच्या मानेचं कळतं." त्याने कॅमेरा पुढे धरला. "ही बघा, हिचा हात कुठे आहे? गळ्याशी. हिचा? गळ्याशीच. तार टोचते, ओझं होतं. प्रत्येक लग्नात मला ओरडावं लागतं, ताई हात खाली घ्या. आता ही बघा."

ती नवरी खळखळून हसत होती. दोन्ही हात मोकळे, मान ताठ. गळ्यातला हार... माझाच होता.

"माझ्या मूळ फोटोत गळ्याजवळ गुलाब होते. तुम्ही तिथे मऊ मरवा गुंफलात. त्या दिवशी तेच म्हणत होतो मी. कुठल्या फोटोत बघितलंत ते?"

"कुठल्याच नाही. टोचतं ना मानेला, म्हणून मी नेहमीच..." मी अडखळले. "पण हे काय डिझाइन झालं का? सवय आहे नुसती!"

"मग त्या सवयीलाच विचारा ना, पुढे काय करायचं ते." त्याला लासलगावला लग्नासाठी निघायचं होतं. चार पावलं जाऊन तो वळला. "उद्या येतो मी. तू... म्हणजे तुम्ही... घाबरू नका."

त्या एका 'तू'ने माझे कान तापले. पण भीती काही गेली नाही. उलट आता दोन भीत्या झाल्या, एक प्रतिभाताई येण्याची आणि दुसरी हा न येण्याची.

रविवारी बाजारात बसल्या बसल्या मी तो आरशांचा हार उसवून टाकला. मोबाईल पिशवीत टाकला आणि पहिल्यांदाच फोटोचा नाही, नवरीचा विचार केला. बिचारी तासन् तास स्टेजवर उभी. लोक येणार, हार बघणार, फोटो काढणार, जेवायला जाणार. सगळी फुलं लोकांकडे तोंड करून! तिच्या वाट्याला काय, तर दोरा, तार आणि देठ.

मी निशिगंधाच्या कळ्या घेतल्या आणि उलट्या ओवल्या. तोंड आत, तिच्याकडे. बाहेरून आमच्या मळ्यातली पांढरी शेवंती, साधी. मानेवर मरव्याची मऊ पट्टी. तार नाही, मोती नाही. बोटं धावायला लागली. पण हे बावळटपणाचं तर होत नाहीये ना? प्रतिभाताई हसल्या तर?

घड्याळ पुढे पळत होतं. मानेवर नीट बसतोय का हे कळायला कोणाच्या तरी गळ्यात घालून बघायला हवा होता. स्वतःच्या गळ्यातला स्वतःला नीट दिसत नाही. सिंधूमावशींना घातला तर त्यांच्या गुडघ्यापर्यंत गेला असता. तेवढ्यात समोरून ओम आला, आणि मला केवढं हायसं वाटलं म्हणून सांगू!

"इकडे या लवकर. वाका. अजून जरा वाका..."

आणि भर बाजारात मी त्याच्या गळ्यात हार घातला.

सिंधूमावशींनी झेंडूच्या पाकळ्यांची मूठ भरून आमच्यावर उधळली. "अगं बया! लगीन लागलं की गं पोरीचं!"

"शुभमंगल सावधान!" नारळवाल्याने सूर लावला. टाळ्या काय, शिट्ट्या काय! मी काय करून बसले ते तेव्हा माझ्या डोक्यात शिरलं.

"काढा तो! अहो काढा ना!"

तो डोळे मिटून उभा. "आतून वास येतोय... बाहेरून कळतच नाही."

"लोक बघतायत, ओम!"

"बघू देत." त्याने डोळे उघडले. आवाज हळू झाला, थोडा कापरा. म्हणजे त्यालाही भीती वाटत होती तर! "शुभांगी, तू चुकून घातलास, माहितीये मला. पण मान मी मुद्दाम वाकवली. मला तू आवडतेस. पाटीत पाय पडला तेव्हा ओरडलीस ना, तेव्हापासून."

मी काही बोलणार, तोच मागून आवाज आला, "हार कुठाय?"

प्रतिभाताई! मी नुसतं ओमकडे बोट दाखवलं. त्यांनी हार चाचपला, आतली बाजू उलटून बघितली. कपाळावर आठी.

"फुलं उलटी ओवलीस?"

"मुद्दाम."

"फोटोत दिसणार नाहीत ती."

"नाही दिसणार," मी म्हणाले. "पण जिने घातलाय तिला कळतील."

त्या हात पुढे करून म्हणाल्या, "दे काढून."

"हा नाही मिळायचा, ताई," ओम म्हणाला. "सॉरी."

प्रतिभाताईंनी त्याच्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, सांडलेल्या पाकळ्यांकडे बघितलं. "असं आहे होय! मग हार जोडीनेच लागतो ना? दुसरा कर. बसते मी इथे."

त्यांच्या डोळ्यांदेखत मी दोरा घेतला. समोर फोटो नव्हता. पहिलं फूल कुठलं, हे मी कोणालाच विचारलं नाही. हार झाल्यावर त्यांनी तो स्वतःच्याच गळ्यात घातला, मान इकडेतिकडे वळवली आणि डोळे मिटून वास घेतला.

"मार्गशीर्षातली पहिली लग्नं तुझी," त्या म्हणाल्या. "ती नीट केलीस तर सगळा सीझन."

मला रडू फुटलं. आणि त्याच वेळी पिशवीतला मोबाईल वाजला. अण्णा! बाजारातून मळ्यापर्यंत बातमी पोचायला कितीसा वेळ लागतो.

"शुभे, काय ऐकतोय मी? कोणाच्या गळ्यात हार घातलास म्हणे?" श्वास घेऊन ते हळूच म्हणाले, "चुकून पडला असेल ना?"

अण्णांनी वाट करून दिली होती. हो म्हटलं की सुटले असते. समोर ओमने दोन्ही हातांनी हार घट्ट धरला होता आणि त्याचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"घातला चुकून, अण्णा," मी म्हणाले. "पण परत घ्यायचा नाहीये मला. मलाही तो आवडतो."

मी मोबाईल कानाशी घट्ट दाबला.

"आणि ते काम?"

"मिळालं, अण्णा! माझ्या मनातला हार दाखवला. त्यांना आवडला."

अण्णा खाकरले. "बरं. काकाला सांगतो, काउंटरसाठी दुसरं कोणी बघ म्हणून. आणि त्या पोराला संध्याकाळी घरी घेऊन ये. हार काढून ये म्हणावं, गावात मिरवत येऊ नको."

मी ओमला सांगितलं. त्याने मान हलवली, नाही म्हणून.

"नाही काढणार म्हणतोय, अण्णा."